मॉर्फिन, व्हेंटिलेटर आणि चांगल्या-वाईटाचं वजन

वसईच्या एका ताईंनी विचारलं आहे. त्यांच्या बाबांना फुप्फुसाचा कर्करोग आहे आणि तो हाडांत पसरला आहे. दुखणं आता नेहमीच्या गोळ्यांना दाद देत नाही. डॉक्टरांनी मॉर्फिन सुरू करायचं सुचवलंय, आणि पुढे श्वास अडला तर व्हेंटिलेटर लावायचा की नाही हे घरच्यांनी आताच बोलून ठेवावं, असंही सांगितलंय. थोरला भाऊ म्हणतो, मॉर्फिनने श्वास मंदावतो, म्हणजे आपणच बाबांना मारल्यासारखं होईल. आणि व्हेंटिलेटर नाकारणं तर उघड पाप. वहिनीचं म्हणणं उलट आहे: वेदना थांबणार असतील तर मरण चार दिवस आधी आलं तरी हिशेब चांगल्याच्याच बाजूने लागतो. ताईंना जाणून घ्यायचंय की ख्रिस्ती नीतिशास्त्र चांगलं आणि वाईट नेमकं कसं तोलतं, आणि या दोघांत बरोबर कोण.

ताई, आधी उत्तर देतो, कारण तुम्हाला ते आज रात्री हवं आहे. मॉर्फिन द्या, निश्चिंत मनाने द्या. व्हेंटिलेटर नाकारणं बाबांच्या अवस्थेत पाप नाही, मात्र तो निर्णय आधी बाबांचा आहे, मग तुमचा. दादांना ज्याची भीती वाटते ते पाप इथे घडतच नाहीये. वहिनींची माया खरी आहे, पण त्यांचा हिशेब चुकतो आहे, आणि तो कुठे चुकतो हे समजून घेतलं नाही तर पुढच्या एखाद्या प्रसंगी तोच हिशेब फार लांब घेऊन जाईल.

मी सेमिनरीत नीतिशास्त्र शिकवतो आणि धर्मगुरू म्हणून बरीच वर्षं रुग्णांच्या खाटेजवळ बसत आलोय. लोक आमच्याकडे येतात ते बहुधा ‘दोन वाइटांतलं कमी वाईट कोणतं’ एवढंच विचारायला. माझं सांगणं एवढंच असतं की आपल्या परंपरेत वजन करायची वेळ येते, पण ती शेवटी येते. त्याआधी आपण नेमकं काय करतोय हे पाहायचं असतं. काही कृती अशा आहेत की त्या काट्यापर्यंत पोचतच नाहीत. निरपराध माणसाला जाणूनबुजून मारणं ही त्यांतली पहिली. दुसऱ्या पारड्यात काहीही ठेवलं तरी तिचं वजन करायचं नसतं. संत पौल रोमकरांस लिहिलेल्या पत्राच्या तिसऱ्या अध्यायात, आठव्या ओवीत, हेच ठामपणे सांगतो: चांगलं घडावं म्हणून वाईट करावं, हे म्हणणं तो साफ नाकारतो.

आता हा विचार फक्त ख्रिस्ती माणसापुरता आहे का? परंपरा म्हणते, नाही. त्याच पत्राच्या दुसऱ्या अध्यायात पौल म्हणतो की ज्यांना मोशेचं नियमशास्त्र मिळालं नाही त्यांच्याही हृदयावर नियम लिहिलेला आहे. तेराव्या शतकात संत थॉमस अक्वायनस यांनी यावर सगळी इमारत उभी केली. चांगलं ते करावं, त्याच्या मागे जावं आणि वाईट टाळावं, हा त्यांच्या मते विवेकाचा पहिला नियम. मग चांगलं म्हणजे काय, हे ते माणसाच्या मूळ ओढींत शोधतात: जीव टिकवणं, मुलं जन्माला घालून वाढवणं, सत्य जाणणं आणि त्यातही देवाला जाणणं, इतरांबरोबर समाजात राहणं. यातलं काहीही समजायला बाप्तिस्मा लागत नाही. म्हणूनच मी हिंदू, मुसलमान किंवा काहीच न मानणाऱ्या डॉक्टरांशी याच भाषेत बोलतो आणि आमचं एकमेकांना कळतं. प्रोटेस्टंट मंडळींत या निसर्गनियमाबद्दल, म्हणजे कुणाच्याही बुद्धीला कळणाऱ्या नैतिक नियमाबद्दल, मतभेद आहेत. कार्ल बार्थ यांच्यासारख्या मोठ्या विचारवंताचा त्यावर विश्वास नव्हता, कारण पापाने झाकोळलेल्या बुद्धीवर एवढा भार टाकणं त्यांना पटत नव्हतं. तरी रुग्णाच्या खाटेशी आल्यावर प्रोटेस्टंट आणि कॅथलिक यांची उत्तरं बरीचशी एकच निघतात, असा माझा अनुभव आहे.

अक्वायनस कृतीकडे तीन बाजूंनी पाहतात: प्रत्यक्ष काय केलं, कशासाठी केलं, कोणत्या परिस्थितीत केलं. तिन्ही ठीक असेल तरच कृती चांगली. एक बिघडलं तरी ती बिघडते. दादा फक्त परिणामाकडे पाहतात: औषध दिलं, श्वास मंदावला, म्हणजे मारलं. वहिनी फक्त हेतूकडे आणि गोळाबेरजेकडे पाहतात. दोघांनीही पहिला प्रश्न सोडून दिलाय, आपण करतोय काय?

‘सुम्मा थिऑलॉजिए’ या आपल्या ग्रंथाच्या दुसऱ्या भागात, चौसष्टाव्या प्रश्नाच्या सातव्या कलमात, अक्वायनस स्वसंरक्षणाबद्दल लिहितात. अंगावर आलेल्या माणसाला अडवताना तो मेला, तर? ते म्हणतात, एकाच कृतीचे दोन परिणाम होऊ शकतात. एक आपल्याला हवा असलेला, दुसरा आपल्या हेतूबाहेरचा. आपला जीव वाचवणं हा हेतू. हल्लेखोराचा मृत्यू हेतूबाहेरचा. आणि लगेच ते एक लगाम घालतात: गरजेपेक्षा जास्त बळ वापरलं तर ते अयोग्य. हा लगाम लक्षात ठेवा, मॉर्फिनच्या मात्रेपाशी तो परत लागणार आहे.

या विचाराला आज पाठ्यपुस्तकांत जी चार अटींची मांडणी दिसते ती बरीच नंतरची, १९व्या शतकातले फ्रेंच जेज्विट (येशूसंघी धर्मगुरू) ज्याँ-प्येर ग्युरी यांची. कृती मुळात वाईट नसावी. करणाऱ्याला चांगलाच परिणाम हवा असावा. चांगला परिणाम वाइटाच्या मार्गाने मिळालेला नसावा. आणि वाईट परिणाम सोसण्याइतकं गंभीर कारण असावं. वजन येतं ते चौथ्या अटीत. पहिल्या तीन ओलांडल्याशिवाय तिथे पोचायचंच नाही.

सगळ्यात जास्त दुर्लक्ष होतं ते तिसऱ्या अटीकडे. १९५६ साली ऑक्सफर्ड विद्यापीठाने अणुबाँबचा आदेश देणारे अमेरिकेचे माजी राष्ट्राध्यक्ष हॅरी ट्रुमन यांना मानद पदवी द्यायचं ठरवलं, तेव्हा एलिझाबेथ अ‍ॅन्स्कम या कॅथलिक तत्त्वज्ञ बाईंनी उघड विरोध केला. हिरोशिमा आणि नागासाकीवर बाँब टाकल्याने युद्ध लवकर संपलं आणि पुष्कळ जीव वाचले, हा बचाव त्यांना ठाऊक होता. त्यांचं म्हणणं असं की तिथे नागरिकांचा मृत्यू हा चुकून झालेला दुसरा परिणाम नव्हता. त्यांच्या मरणातूनच शरणागती मिळवायची होती. मरण हेच साधन होतं. दोन वर्षांनी, १९५८ च्या एका निबंधात, परिणामांवरूनच सगळं ठरवणाऱ्या विचाराला त्यांनी ‘कॉन्सिक्वेन्शियलिझम’ (परिणामवाद) हे नाव दिलं, ते आज सगळं जग वापरतं. वजन आधी केलं तर माणूस कुठवर जाऊ शकतो हे दाखवायला मला याहून स्पष्ट उदाहरण सापडलेलं नाही. वहिनी बाँब टाकायला निघालेल्या नाहीत, हे मला माहीत आहे. पण ‘शेवटी बेरीज चांगली निघते ना’ हा युक्तिवाद दोन्हीकडे एकच आहे.

आता मॉर्फिन. इथे मी सविस्तर लिहितो, कारण याच औषधाच्या भीतीने आपल्याकडे माणसं उगाच तळमळत मरतात. वेदनाशमन करणारे डॉक्टर मॉर्फिन थोडक्या मात्रेत सुरू करतात, बहुधा तोंडावाटे, ठरावीक तासांनी. दुखणं किती उतरलं ते पाहून मात्रा हळूहळू वाढवतात. पहिले काही दिवस गुंगी येते, मग शरीराला सवय होते. बद्धकोष्ठ मात्र टिकतं, म्हणून त्याचं औषध पहिल्या दिवसापासून सोबत असतं. अशा रीतीने दिलेलं मॉर्फिन सहसा आयुष्य कमी करत नाही, हे या क्षेत्रातले लोक आता खात्रीने सांगतात. म्हणजे दादा ज्या दुसऱ्या परिणामाला घाबरतात तो बहुतेक वेळा घडतच नाही. पुष्कळ रुग्ण झोप लागल्यामुळे आणि दोन घास पोटात गेल्यामुळे उलट थोडे सावरतात.

आणि समजा, बाबांच्या क्षीण शरीराला ती मात्रा जड गेली, तरी? २४ फेब्रुवारी १९५७ रोजी पोप पायस बारावे यांना भूलतज्ज्ञांनी नेमकं हेच विचारलं होतं: वेदनाशामकाने आयुष्य कमी होईल असं दिसत असलं तरी द्यावं का? त्यांचं उत्तर होय असं होतं, दुसरा उपाय नसेल आणि रुग्णाची धार्मिक आणि नैतिक कर्तव्यं पार पाडायची राहत नसतील तर. आजच्या कॅथलिक धर्मशिक्षण ग्रंथातही हीच शिकवण आहे. मरण हे ध्येय नसतं, साधनही नसतं, ते फक्त अटळ म्हणून दिसतं आणि सोसलं जातं.

वेदना कशाने थांबतेय ते पाहा. मोजून दिलेल्या मॉर्फिनमध्ये वेदना औषधाच्या गुणाने थांबते. बाबा जगले तरी थांबते. कुणी एकदम दहापट मात्रा टोचली तर वेदना बाबा गेल्यामुळे थांबते. दोन्हीकडे सिरिंज तीच, औषध तेच, कदाचित डोळ्यांत पाणीही तेच. कृती मात्र वेगळी. मी घरच्यांना एक प्रश्न विचारतो: उद्या सकाळी बाबा जागे झाले, दुखणं गेलेलं, चहा मागताहेत, तर तुम्हाला आनंद होईल की बेत फसला असं वाटेल? ज्याला आनंद होईल त्याने मारायला औषध दिलेलं नव्हतं.

यावर नेहमी हरकत येते की हेतू मनात असतो, तोंडाने कुणीही काहीही सांगेल. हरकत गंभीर आहे. पण हेतू फार काळ मनात लपून राहत नाही, तो कागदावर उतरतो. किती मात्रा लिहिली, किती तासांनी, कशाच्या आधारावर वाढवली, दुखणं थांबल्यावर वाढवणं थांबलं की नाही. दुखणं शून्यावर आलेलं असताना मात्रा वाढतच राहिली, तर तोंडाने काहीही म्हणोत, अक्वायनसांचा तो लगाम तुटलाय. रुग्णालयाच्या नीतिसमितीत बसल्यावर मी लोकांच्या भावनांआधी औषधाचा तक्ता पाहतो.

आपल्या देशात अडचण बहुधा उलट बाजूची असते. १९८५ च्या अमली पदार्थविरोधी कायद्यानंतर परवान्यांच्या कटकटीमुळे कित्येक रुग्णालयांनी मॉर्फिन ठेवणंच सोडलं. २०१४ च्या दुरुस्तीने ते बरंच सोपं झालं, तरी ते सगळीकडे मिळतं असं नाही. मॉर्फिन जास्त दिलं गेल्याची काळजी करणारे मला पुष्कळ भेटतात. ते न मिळाल्याने रात्रभर ओरडत राहिलेल्या माणसाची काळजीही त्याच पापभीरू मनाने करायला हवी. टाळता येणारी वेदना तशीच राहू देणं हेही वाईटच आहे, आणि ते टाळायची आज्ञा निसर्गनियमच देतो.

व्हेंटिलेटरचा प्रश्न वेगळ्या जातीचा आहे. इथे खरोखर वजन करायचं असतं, आणि दादांना हे ऐकून कदाचित धक्का बसेल की ते वजन चर्चने फार पूर्वीपासून माणसाच्या हाती दिलंय. सोळाव्या शतकात स्पेनमधल्या सालामांकाचे डोमिनिकन संघाचे धर्मगुरू फ्रान्सिस्को दे व्हितोरिया यांनी लिहिलं की आजाऱ्याला अन्नाची इतकी शिसारी आली असेल की खाणं ही यातनाच व्हावी, तर न खाल्ल्याचं पाप त्याला लागत नाही. कोंबडी आणि तित्तिर खाल्ले तर आयुष्य वाढेल असं वैद्याने सांगितलं, तरी ते महागडं अन्न विकत घ्यायला कुणी बांधलेला नाही. १५९५ साली दोमिंगो बान्येझ यांनी सामान्य आणि असामान्य उपाय अशी विभागणी रूढ केली. सामान्य उपाय करायलाच हवेत. असामान्य उपाय नाकारता येतात. २४ नोव्हेंबर १९५७ च्या भाषणात पायस बारावे यांनी त्यात एक मोलाची गोष्ट सांगितली: ज्या उपायाने स्वतःवर किंवा दुसऱ्यावर जड ओझं पडत नाही तोच बंधनकारक.

‘किंवा दुसऱ्यावर’ हे लक्षात घ्या. अतिदक्षता विभागाचं बिल भरण्यासाठी वाडी विकायची वेळ येणं, नातवंडांचं शिक्षण थांबणं, याचा विचार केला म्हणून मुलं स्वार्थी ठरत नाहीत. पैशाचा विषय काढला की आपल्या घरांत लगेच लाज वाटते आणि मग कर्ज काढून अशा उपायांवर उधळलं जातं ज्यांचा रुग्णाला काही उपयोग नसतो. यंत्र जवळच्या रुग्णालयात सहज मिळतं की नाही, यावर काही ठरत नाही. न्यूमोनिया झालेल्या तरुणाला चार दिवस श्वास देणारा व्हेंटिलेटर बंधनकारक ठरू शकतो. हाडांपर्यंत कर्करोग पोचलेल्या तुमच्या बाबांच्या घशात नळी घातली तर ती बहुधा मरण लांबवेल, बोलणं बंद करेल, आणि शेवटचे दिवस काचेपलीकडे जातील. १९८० साली व्हॅटिकनने याच तोलाला उपाय आणि अपेक्षित फळ यांचं प्रमाण म्हटलं: उपाय कोणता, त्याचा त्रास, धोका आणि खर्च किती, आणि रुग्णाची शारीरिक नि मानसिक ताकद पाहता त्यातून काय मिळणार. लक्षात घ्या, वजन होतंय ते उपायाचं. बाबांच्या जगण्याला किंमत उरली का, हे तोलायचा अधिकार कुणालाच नाही, बाबांनाही नाही.

आता दादांचा पुढचा प्रश्न मला दिसतो: मग अन्नपाणीही बंद करायचं का? मुंबईच्या केईएम रुग्णालयातल्या अरुणा शानबाग यांची गोष्ट महाराष्ट्राला ठाऊक आहे. २७ नोव्हेंबर १९७३ ला त्यांच्यावर हल्ला झाला, आणि १८ मे २०१५ ला त्यांचं निधन झालं. इतकी वर्षं तिथल्या परिचारिकांच्या पिढ्यांनी त्यांना भरवलं, पुसलं, कूस बदलली. त्यांचं अन्न थांबवावं ही याचिका सर्वोच्च न्यायालयाने ७ मार्च २०११ ला फेटाळली आणि त्याच निकालात काही अटींवर उपचार थांबवायचा मार्गही खुला केला. त्या परिचारिकांनी जे केलं ते मी विद्यार्थ्यांना कर्तव्याच्या धड्यात सांगतो. भरवणं हा उपचार नाही, ती सोबत आहे. २००४ मध्ये पोप जॉन पॉल दुसरे यांनी म्हटलं की दीर्घकाळ बेशुद्ध रुग्णाला नळीने दिलेलं अन्नपाणीसुद्धा तत्त्वतः सामान्य सेवाच आहे. पण हा नियम त्या अन्नाने पोषण होतं तोवरचा. शेवटच्या दिवसांत शरीर अन्न स्वीकारेनासं झालं, सलाइनने पाणी फुप्फुसात साचू लागलं, की ओठ ओले ठेवणं पुरेसं असतं. तेव्हा नळी न घालणं म्हणजे उपाशी मारणं नव्हे.

थोडं धर्मशास्त्रातल्या वादाबद्दल, कारण वहिनींच्या मताला विद्वानांचाही आधार होता. १९६५ मध्ये जर्मन जेज्विट पेटर क्नाउअर यांनी चार अटींची मांडणीच उलगडून टाकली आणि सगळा भर चौथीवर दिला: पुरेसं कारण असेल तर कृती ठीक. अमेरिकेत रिचर्ड मॅककॉर्मिक यांनी हा विचार पुढे नेला. ती सहृदय माणसं होती, आणि नियमांच्या पुस्तकाखाली चिरडले जाणारे लोक त्यांना दिसत होते, याबद्दल मला त्यांचा आदर आहे. ६ ऑगस्ट १९९३ च्या ‘व्हेरितातिस स्प्लेंडॉर’ या परिपत्रकात जॉन पॉल दुसरे यांनी ती वाट नाकारली: काही कृती त्यांच्या विषयामुळेच वाईट असतात, हेतू आणि परिस्थिती त्या चांगल्या करू शकत नाहीत. जर्मेन ग्रिसे आणि जॉन फिनिस या कॅथलिक तत्त्वज्ञांनी आणखी एक मुद्दा काढला होता, आणि मला तो निर्णायक वाटतो. जीव, सत्य, मैत्री, प्रार्थना ही चांगली मूल्यं एका मापाने मोजताच येत नाहीत. बाबांचे आठ दिवस एका पारड्यात आणि बाबांची वेदनामुक्ती दुसऱ्यात ठेवून कोणतं जड, हे सांगणाऱ्याने प्रत्यक्षात आधीच निवड केलेली असते. वजनाचा आव नंतर येतो.

एक गोष्ट तुम्ही विचारली नाहीत, पण ओळींच्या मधून दिसते. बाबांना आजाराचं नाव सांगितलेलं नाही. घरच्यांना वाटतं, त्यांना धक्का बसेल. संत ऑगस्टीन यांनी खोट्याबद्दल दोन ग्रंथ लिहिले, आणि चांगल्या कारणासाठीही खोटं बोलू नये, हे त्यांचं मत फार कडक आहे. मी कडकपणा बाजूला ठेवून एवढंच म्हणतो: गप्प राहणं, थोडं थोडं सांगणं, ते विचारतील तेवढंच सांगणं, हे सगळं चालतं. ‘गॅसेस आहेत, बरे व्हाल’ हे चालत नाही. व्हेंटिलेटर नाकारण्याचा निर्णय त्यांचा आहे असं मी म्हणतो, तो आजार ठाऊक नसलेला माणूस घेणार कसा? शिवाय त्यांना कुणाशी तरी समेट करायचा असेल, वाडीबद्दल काही सांगायचं असेल, पापनिवेदन करायचं असेल. पायस बारावे यांनी शुद्ध घालवायला जी अट ठेवली ती याचसाठी.

तेव्हा उद्या असं करा. डॉक्टरांना सांगा, मॉर्फिन सुरू करा, आणि दुखणं उतरून बाबा शुद्धीत असतील असा दिवसाचा एक वेळ आम्हाला कळवा. त्या वेळी दादांनी बाबांजवळ बसावं, वहिनीही असाव्यात. बाबांना विचारा, डॉक्टरांनी काय सांगितलं ते तुम्हाला ऐकायचंय का? हो म्हणाले तर सांगा, आणि नळीबद्दल त्यांचं मत घ्या. ते लिहून ठेवा. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१८ च्या निकालाने, आणि २०२३ मध्ये तो सोपा झाल्यानंतर, दोन साक्षीदार आणि नोटरी किंवा राजपत्रित अधिकारी यांच्यासमोर असं इच्छापत्र करता येतं. ते नसलं तरी डॉक्टरांच्या मंडळाला घरच्यांचं म्हणणं ऐकावं लागतं. आणि तुमच्या धर्मग्रामाच्या फादरांना लवकर बोलवा, बाबा प्रार्थनेला स्वतः ‘आमेन’ म्हणू शकतात तेव्हाच. रुग्णाभ्यंग, म्हणजे आजाऱ्याला पवित्र तेल लावून केलेली प्रार्थना, हा शेवटच्या श्वासासाठी राखून ठेवायचा संस्कार नाही. दादांना म्हणावं, मॉर्फिनबद्दल अजूनही शंका असेल तर मला थेट विचारा, रात्री उशिरा विचारलंत तरी चालेल.